नातीचं नाव ग्वेनल्हिअन ठेवताय? मग आधी 'ल्ह' बघू

काकू, तुमचा प्रश्न मी थोडक्यात परत लिहिते म्हणजे बाकीच्यांनाही कळेल. मुलगा कार्डिफला, सून वेल्श, तिचं माहेर तुम्ही लिहिलंय तसं "लानेली", आणि नातीचं नाव सुनेने ठरवलंय ते तुम्ही लिहिलंय "ग्वेनलियन". इंटरनेटवर एका ठिकाणी अर्थ सापडला पांढरं कापड, दुसऱ्या ठिकाणी सोनेरी केस, आणि शेजारच्या कुणीतरी सांगितलं की ही लढाईत मान कापलेली बाई होती, मग तुमच्या मनात पाल चुकचुकली. वर कोल्हापूरला बारसं करायचंय आणि पत्रिकेवर मराठीत नाव काय छापायचं ते कळत नाहीये.

मी गेली एकोणीस वर्षं इथे वेल्समध्ये मोठ्या माणसांना वेल्श शिकवते, माहेर माझं साताऱ्याकडचं, त्यामुळे दोन्हीकडच्या जिभा मला माहितीयेत. नावाचे प्रश्न वर्षातून चार-पाच तरी येतातच, बहुतेक वेळा अशाच घरांतून जिथे एक आजी वेल्श आणि एक आजी आणखी कुठलीतरी. आणि दरवेळी लोक अर्थापासून सुरुवात करतात. मी उलटी सुरुवात करणारे, आधी उच्चार, कारण या नावात खरी इस्टेट तीच आहे आणि अर्थ म्हणाल तर तो जरा भानगडीचा आहे.

तर स्पेलिंगमध्ये मधे जे दोन एल दिसतात ना, ते दोन एल नाहीतच. वेल्शमध्ये ते एकच अक्षर आहे, जसं आपलं ख किंवा भ. इंग्रजीत लिहिताना के आणि एच अशी दोन अक्षरं लागतात म्हणून आपण ख ला दोन अक्षरं म्हणत नाही, तसंच. वेल्श शब्दकोडं सोडवायला घेतलंत तर हे दोन एल एकाच चौकोनात लिहायचे असतात. म्हणजे इंग्रजी मोजणीने या नावात नऊ अक्षरं आणि वेल्श मोजणीने आठ.

आता तो आवाज. इथे आलेली मराठी माणसं पहिली चूक करतात ती म्हणजे "अरे हा तर आपला ळ!" मीसुद्धा पहिलं वर्षभर ळ ठोकत होते, बसमध्ये गावाचं नाव सांगितलं की ड्रायव्हर तीनदा विचारायचा. ळ नाही हो तो. ळ ला जीभ मागे वळते आणि घसा घुमतो, इथे जीभ पुढेच राहते आणि घसा एकदम गप्प. पण तुम्ही कोल्हापूरच्या आहात, म्हणजे तुमचं अर्धं काम आधीच झालंय, कारण तुमच्या गावाच्या नावात ल्ह आहे आणि इंग्रज माणसाकडे तोही नाही. असं करा. गळ्यावर बोट ठेवा आणि "कोल्हापूर" म्हणा, मग नुसतं "ल्ह" म्हणा, बोटाला थरथर लागेल. आता तोच ल्ह कुजबुजत म्हणा, शेजारच्या खोलीत कुणी झोपलंय असं समजून, थरथर बंद झाली पाहिजे. जीभ ल ला लावतो तिथेच दातांमागे चिकटलेली, आणि हवा जिभेच्या कडेने, गालाच्या बाजूने बाहेर. कुकरची शिट्टी व्हायच्या आधी जो फुसफुस आवाज येतो ना, साधारण तसा यायला लागला की समजा जमलं. क्लासमध्ये मी सगळ्यांना दोन मिनिटं नुसतं फुसफुसायला लावते, पहिल्या दिवशी लोक हसून हसून बेजार होतात, पण तिसऱ्या आठवड्यापर्यंत बहुतेकांना येतं.

एकदा तो आला की नाव तीन तुकड्यांत म्हणायचं, ग्वेन, ल्हि, अन, आणि जोर मधल्या "ल्हि" वर. वेल्शमध्ये जोर जवळपास कायम शेवटून दुसऱ्या तुकड्यावर पडतो. इंग्रज लोक जोर पहिल्या "ग्वेन" वर देतात आणि पुढचं गिळून टाकतात. आणि हो, सुनेच्या माहेराच्या नावात हा आवाज दोनदा आहे, सुरुवातीला आणि शेवटी, "ल्हानेल्ही". ते नीट म्हटलंत ना की विहीणबाई तिथल्या तिथे खूश होतील, लिहून देते.

(जाता जाता, वेल्शमध्ये कुजबुजलेला र पण आहे, स्पेलिंगमध्ये आर आणि एच. आपल्या कऱ्हाडमधला ऱ्ह त्याच्या अगदी शेजारी बसतो. ऱ्हीस, ऱ्हिआनन ही नावं लिहायला आपली लिपी इंग्रजीपेक्षा बरी पडते, पुढे ऱ्हीस नावाचा माणूस येणारच आहे.)

आता अर्थ. पहिला भाग "ग्वेन" सोपा आहे. "ग्विन" म्हणजे पांढरा आणि "ग्वेन" म्हणजे पांढरी, वेल्शमध्ये काही विशेषणं आपल्यासारखीच बाई-पुरुष बघून बदलतात. पण हा पांढरा म्हणजे नुसता चुन्याचा रंग नाही. त्यात गोरेपणा आहे, उजळपणा आहे, पवित्र, धन्य असाही अर्थ आहे. वेल्श बायबलमध्ये जिथे "धन्य ते" म्हटलंय तिथे शब्दशः "त्यांचं जग पांढरं" असं आहे. आपण काळी-पांढरी म्हणतो तेव्हा शेत आणि गावठाण म्हणतो, रंग बोलत नसतो, तसाच प्रकार, भाषेत रंगाला पोटभाडेकरू खूप असतात. ब्रॉनवेन, ऑल्वेन, ड्विनवेन या सगळ्यांच्या शेवटी जो "वेन" आहे तो हाच. ऑल्वेनची गोष्ट तर छानच आहे, जुन्या कथेत ती चालली की तिच्या पावलापावलावर पांढरी तिपानी फुलं उगवायची, आणि नावाचा अर्थ पण तोच, पांढऱ्या पाऊलखुणांची.

भानगड आहे ती दुसऱ्या भागात. "ल्हिआइन" म्हणजे लिनन, जवसाच्या धाग्याचं कापड, त्यावरून वेबसाइटवाल्यांनी केला पांढरं कापड, आणि जवसाचा धागा पिवळसर असतो म्हणून पुढे कुणीतरी केले सोनेरी केस. दोन्ही ठिकाणी एकाचं बघून दुसऱ्याने उतरवलेलं असतं, तुम्हाला दहा साइटवर तेच दिसेल म्हणून ते दहापट खरं होत नाही. आजच्या वेल्शमध्ये ल्हिआइन म्हणजे टेबलावरचं कापड, हात पुसायचा टॉवेल, भांडी पुसायचं फडकं. कुठली आई मुलीचं नाव पांढरा टॉवेल ठेवेल हो! दुसरा शब्द आहे "ल्हिअन्ट", म्हणजे लोंढा, वाहता प्रवाह, आणि जुन्या लिखाणात या नावाचं शेवटी ट असलेलं रूपही सापडतं. अभ्यासकांमध्ये यावर एकमत नाहीये, पण मला विचाराल तर माझं मत प्रवाहाच्या बाजूने झुकतं, कारण मध्ययुगातले वेल्श कवी गोऱ्या बाईचं कौतुक करताना लाटेवरच्या फेसाची उपमा इतक्या वेळा देतात की शेवटी कंटाळा येतो. पांढरा फेसाळ ओघ असं काहीतरी. तुम्हाला बारशात कुणी विचारलं तर "शुभ्र प्रवाह, किंवा काही लोक म्हणतात शुभ्र वस्त्र" एवढं सांगा, खोटं ठरणार नाही.

पण खरं सांगू का काकू, वेल्समध्ये कुणी हे नाव अर्थ बघून ठेवत नाही. आपल्याकडे जिजा नाव ठेवताना कोण शब्दकोश उघडतं? नाव ज्यांनी आधी वापरलं त्यांच्यासाठी ठेवतात. आणि इथे अशा दोघी आहेत, तुमच्या शेजारणीने सांगितली ती त्यातली पहिली.

पहिली ग्वेनल्हिअन उत्तरेच्या ग्विनेदच्या राजाची, ग्रिफिद आप कानानची मुलगी, ११०० च्या आसपास जन्मलेली. दिली दक्षिणेत, देहायबार्थच्या ग्रिफिद आप ऱ्हीसला. नवऱ्याचं नाव पण ग्रिफिद आणि बापाचं पण, त्यामुळे गोंधळ होतो. (आप म्हणजे चा मुलगा, आणि मुलीला लावतात वेर्ख, म्हणून ती ग्वेनल्हिअन वेर्ख ग्रिफिद. लग्नानंतरही बापाचंच नाव.) तेव्हा दक्षिण वेल्सचा बराच भाग नॉर्मन, म्हणजे फ्रान्सकडून येऊन इंग्लंड जिंकलेल्या सरदारांनी बळकावलेला आणि हे नवरा-बायको बरंचसं आयुष्य डोंगर-जंगलाच्या आश्रयाने काढत होते. डिसेंबर ११३५ मध्ये इंग्लंडचा राजा पहिला हेन्री मेला, गादीवरून तिथे भांडण लागलं, आणि वेल्श लोकांनी ती संधी साधली. ११३६ ला नवरा गेला उत्तरेत सासऱ्याकडे कुमक मागायला, आणि इकडे नॉर्मन फौज हालायला लागली तेव्हा हिने थांबायचं नाकारून स्वतः माणसं गोळा केली आणि किडवेलीच्या किल्ल्याकडे निघाली. किल्ल्याजवळच लढाई झाली, समोर मॉरिस द लाँद्र नावाचा नॉर्मन सरदार. ती हरली, मारली गेली. दोन मुलगे बरोबर होते, मॉर्गन पडला आणि माईलग्विन पकडला गेला. तिचं डोकं उडवलं असं परंपरा सांगते. त्या रानाला आजही माइस ग्वेनल्हिअन म्हणतात, म्हणजे ग्वेनल्हिअनचं शेत, किडवेलीच्या किल्ल्यापासून फार लांब नाही, आणि किल्ल्याच्या दारापाशी तिच्या नावाचा दगड उभा केलेला आहे. सुनेच्या माहेराहून गाडीने अर्धा तास पण लागत नाही, पुढच्या वेळी आलात की जाऊन या.

हे सगळं आपल्याला कळलं कुणामुळे तर मुख्यतः जेराल्ड नावाच्या पाद्र्यामुळे, ११८८ मध्ये तो वेल्सभर फिरला आणि प्रवास लिहून ठेवला. त्याने तिची तुलना ग्रीक कथांतल्या लढवय्या बायकांच्या राणीशी केलीये. आता गंमत बघा, जेराल्ड अर्ध्याच्या वर नॉर्मन, पण त्याच्या आईची आई म्हणजे ग्वेनल्हिअनची नणंद. म्हणजे तो आपल्या आजीच्या भावजयीबद्दल लिहीत होता. घरात ऐकलेलंच असणार ते.

आणि तुमच्या अपशकुनाच्या शंकेचं उत्तर इथेच पुढे आहे. तिचा सगळ्यात धाकटा मुलगा ऱ्हीस, आई गेली तेव्हा जेमतेम चार वर्षांचा. वर्षभरात बाप पण गेला. हा पोरका पोरगा पुढे दक्षिण वेल्सचा सगळ्यात बलाढ्य राजा झाला, आणि ११७६ च्या नाताळात त्याने अबर्तायवीच्या, म्हणजे इंग्रजीतल्या कार्डिगनच्या किल्ल्यात कवी आणि वादकांची मोठी स्पर्धा भरवली, वर्षभर आधी सगळीकडे दवंडी पिटवून. जिंकणाऱ्याला बक्षीस म्हणून खुर्ची. वेल्श लोक याला पहिला आयस्टेद्वॉड मानतात, आणि आजही राष्ट्रीय आयस्टेद्वॉडमध्ये कवीला खरोखरची लाकडी खुर्ची देतात, दरवर्षी नवी घडवलेली. त्या पहिल्या स्पर्धेत वादनाचं बक्षीस ऱ्हीसच्या स्वतःच्या दरबाराला मिळालं आणि कवितेचं गेलं ग्विनेदच्या कवींना. म्हणजे त्याच्या आजोळी! मला हा तपशील फार आवडतो, मी वर्गात दरवर्षी सांगते, आणि इंग्रजीत आजोळला शब्द नाही म्हणून दरवर्षी तो निम्मा फसतो.

ऱ्हीसने पुढे लेकीचं नाव काय ठेवलं? ग्वेनल्हिअन. (त्याच्या बायकोचं नावही तेच होतं, त्यामुळे नाव आजीचं ठेवलं की आईचं हे ठरवणं अवघड आहे, पण आपल्याकडे तरी आजीचंच म्हणतील.) ही लेक ग्विनेदच्या कारभाऱ्याला दिली, आणि तिच्याच वंशात पुढे ट्युडर हे राजघराणं झालं, १४८५ ला इंग्लंडच्या गादीवर बसलेला सातवा हेन्री तिकडचाच. तर बघा, जिची मान कापली तिच्या वंशाचा माणूस साडेतीनशे वर्षांनी लंडनच्या गादीवर. आपल्याकडे सीता नाव नको, फार भोगलं तिनं असं म्हणणारी घरं आहेत, आणि त्याच गावात चार सीताबाई सुखाने नव्वदीपर्यंत जगलेल्या असतात. शकुन-अपशकुन मी मानत नाही पण मानला तरी हिशोब तुमच्या बाजूने आहे.

दुसरी ग्वेनल्हिअन. हिच्याबद्दल लिहिताना मला अजून घशाशी येतं. ल्हवेलिन, स्वतंत्र वेल्सचा शेवटचा राजपुत्र, त्याची एकुलती एक मुलगी, जून १२८२ ला अबर्ग्विनग्रेगिनला जन्मली. आई बाळंतपणातच गेली. बाप त्याच वर्षी ११ डिसेंबरला किल्मेरीजवळ मारला गेला, सहा महिन्यांची पण नव्हती तेव्हा धड. काकाला पुढच्या वर्षी श्रूझबरीला हालहाल करून मारलं. इंग्लंडच्या पहिल्या एडवर्डला ही तान्ही मुलगी मोकळी नको होती, कारण उद्या तिचं लग्न होणार, मुलं होणार, आणि मुलं हक्क सांगणार. म्हणून तिला पार पूर्वेला, लिंकनशरमधल्या सेम्प्रिंगहॅमच्या मठात टाकलं, आणि ७ जून १३३७ ला मरेपर्यंत ती तिथेच होती, पन्नासच्या वर वर्षं. आपले शाहू महाराज सातव्या वर्षी मुघलांच्या हाती सापडले पण १७०७ ला परत तरी आले. ही आली नाही.

मी सेम्प्रिंगहॅमला एकदा गेलेय. सपाट, सपाट, सपाट शेतं, डोळ्याला अडवायला काही नाही, मठ कधीच गेला, एक चर्च तेवढं शेतात एकटं उभं आहे आणि वाटेच्या कडेला तिचा दगड. वेल्सहून आलेलं कुणीतरी डॅफोडिलची जुडी ठेवून गेलं होतं, रबरबँडसकट. डोंगरात जन्मलेल्या मुलीला असल्या जागी ठेवलं हे बघून वाईट वाटतं, पण मला त्याहून चटका लावणारी गोष्ट कागदावरची आहे. तिथल्या लिखापढीत तिचं नाव येतं ते "वेन्ट्लियान", "वेन्सिलियन" असं काहीतरी. पुढचा ग गळला आणि ल्ह चा कुठे न्ट्ल तर कुठे न्सिल झाला. कारकुनाला तो आवाज येत नव्हता, ऐकला तसा लिहिला. तान्ही असताना आणलेली, तिच्याशी वेल्श बोलायला कोण होतं तिथे? तिला आपलं नाव नीट उच्चारलेलं आयुष्यात कधी ऐकू आलं असेल असं मला वाटत नाही.

उत्तरेच्या डोंगरांत तिच्या बापाच्या नावाचं शिखर आहे, काकाच्या नावाचं आहे, २००९ मध्ये त्याच रांगेतल्या एका शिखराचं नाव बदलून कार्नेद ग्वेनल्हिअन केलं. उंची ९२६ मीटर, आपल्या कळसूबाईपुढे टेकडीच, पण नकाशावर आता स्पेलिंग बरोबर आहे.

मधल्या काळाबद्दल पटकन सांगते. मध्ययुगात हे नाव वेल्समध्ये अगदी घरोघरी होतं, मग एलिझाबेथ, मार्गारेट, मेरी यांनी त्याला मागे ढकललं. एकोणिसाव्या शतकात तर शाळेत वेल्श बोलणाऱ्या पोराच्या गळ्यात लाकडाची पाटी अडकवायचे. तरी नाव मेलं नाही, १९१० मध्ये ब्रेकनच्या महापौर झालेल्या, वेल्समधल्या पहिल्या महिला महापौर, त्या ग्वेनल्हिअन मॉर्गन. २०२१ च्या जनगणनेत वेल्समध्ये वेल्श बोलणारे साधारण पाच लाख अडतीस हजार, म्हणजे १७.८ टक्के, एका कोल्हापूर शहराएवढे. एवढ्याशा लोकांत जी नावं टिकलीत ती कुणीतरी हट्टाने ठेवली म्हणूनच. तुमची सून हट्टी दिसते, चांगलंय.

आता कामाच्या गोष्टी. लाडाचं नाव "ग्वेन" सगळे म्हणतील, "ग्वेनो" पण चालतं, पण अस्सल जुनं म्हणजे "ल्हिओ", पंधराव्या शतकातल्या एका कवीने ल्हिओच्या केसांवर अख्खी कविता केलीये. बाळ कार्डिफलाच जन्मलंय तर ४२ दिवसांच्या आत नोंदणी करायची असते, आणि आईवडलांपैकी एकाने माहिती वेल्शमध्ये दिली तर दाखला दोन्ही भाषांत मिळतो. हे फक्त वेल्समध्ये जन्मलेल्या मुलांना, आणि त्या वेळी मागितलं नाही की लोक नंतर हळहळतात, तेव्हा मुलाला आजच मेसेज टाका. तुम्हाला नात आजीच म्हणेल, विहीणबाईंना ल्हानेल्हीकडे "मॅमगी" म्हणतात, उत्तरेत असत्या तर "नाइन" झाल्या असत्या, त्यामुळे तुमची पदवी कुणी हिसकावणार नाही.

आणि पत्रिका. "ग्वेनलियन" नको, तो परत सेम्प्रिंगहॅमचा कारकून झाला. ळ तर अजिबात नको. "ग्वेनल्हिअन" असं छापा. अगदी तंतोतंत नाही पण आपल्या लिपीत याच्या जवळ दुसरं काही जात नाही. प्रूफ मात्र स्वतः बघा, छापखान्यातला मुलगा ल्ह चा ल्ल करणारच, आणि फोनवर सांगून उपयोग नाही, कागदावर मोठ्या अक्षरात लिहून द्या, "कोल्हापूरमधला ल्ह" असं.